खालच्या थराचा धनी कोण? नाटोच्या लष्करी समितीला खुले पत्र

प्रति,
अध्यक्ष व सदस्य, नाटो लष्करी समिती,
आणि नाटो मानकीकरण कार्यालय, ब्रुसेल्स

महोदय, महोदया,

स. न. वि. वि.

फेब्रुवारी 2024 च्या अखेरीस तांबड्या समुद्रात 'हेसेन' या जर्मन युद्धनौकेने एका अनोळखी ड्रोनवर दोन एसएम-2 क्षेपणास्त्रे सोडली. त्याआधी आसपासच्या मित्रसैन्यांकडे विचारणा झाली होती, पण ड्रोनवर कुणीच हक्क सांगितला नाही. दोन्ही क्षेपणास्त्रे तांत्रिक बिघाडामुळे समुद्रात कोसळली आणि मागाहून कळले की ते अमेरिकेचे रीपर होते. 'हेसेन' युरोपीय संघाच्या 'अस्पिडीस' मोहिमेवर होती. रीपर त्या मोहिमेचे नव्हते. क्षेपणास्त्रे बिघडली म्हणून दोन मित्रांमधला प्रसंग तेवढ्यावर निभावला.

रीपर म्हणजे काही चिलट नव्हे. त्याच्या पंखांचा विस्तार 20 मीटर आणि उड्डाणाच्या वेळचे वजन चार टनांच्या वर असते. एवढे धूड कुणाचे आहे हे दोन मित्रसैन्यांना वेळेत ठरवता येत नसेल, तर पायदळाच्या पाठपिशवीतून निघून झाडांच्या उंचीवर भिरभिरणाऱ्या दोन किलोच्या यंत्राचे काय होणार? हे पत्र त्या दोन किलोंबद्दल आणि ते जिथे उडते त्या जमिनीलगतच्या खालच्या थराबद्दल आहे.

मी सैनिक नाही. नागरी हवाई वाहतूक नियंत्रणाच्या खोलीत नोकरी केली आणि तिथूनच निवृत्त झालो. दोन विमानांमध्ये अंतर राखणे एवढेच त्या खोलीतले काम. पण ते राखायला दोन्ही विमानांनी एकच भाषा बोलावी लागते, एकाच मापाने उंची मोजावी लागते आणि गडबड झाली की काय करायचे हे आधीच ठरलेले असावे लागते. तुमची मानके नाटोबाहेरची सैन्येही वाचतात आणि वापरतात, म्हणून तुम्हाला लिहितो आहे.

आधी एक जुनी गोष्ट, कारण या दुखण्याचे मूळ ड्रोनच्या आधीचे आहे. 14 एप्रिल 1994 रोजी उत्तर इराकवरच्या उड्डाणबंदी क्षेत्रात अमेरिकेच्या दोन एफ-15 विमानांनी अमेरिकेचीच दोन ब्लॅक हॉक हेलिकॉप्टरे पाडली. 26 जण गेले. त्यांत अमेरिकी होते, ब्रिटिश, फ्रेंच आणि तुर्की अधिकारी होते, कुर्द नागरिकही होते. दिवस स्वच्छ होता, वर आकाशावर रडारने नजर ठेवणारे अवॅक्स विमान घिरट्या घालत होते, नियमांची पुस्तके जागेवर होती. पण बंदी क्षेत्रात शिरल्यावर ओळखीचा कोड बदलायचा हे हेलिकॉप्टरवाल्यांना कुणी सांगितलेच नव्हते. त्यांचे उड्डाण लढाऊ वैमानिकांच्या हातातल्या कागदावर नव्हते. आपल्या आधी या आकाशात कुणी शिरणार नाही, अशी लढाऊ वैमानिकांची समजूत होती. भूदलाची हेलिकॉप्टरे हवाई दलाच्या हिशेबात धरलीच नव्हती. यंत्रे ठीक होती. खालून उडणारा आणि वरून उडणारा वेगवेगळ्या शाळांत शिकले होते, आणि त्यांची परीक्षा कुणी एकत्र घेतली नव्हती.

आज ब्लॅक हॉकच्या जागी पायदळाच्या तुकडीचा ड्रोनवाला आहे. फरक एवढाच की तेव्हा दोन हेलिकॉप्टरे होती, आता एकेका ब्रिगेडकडे शेकड्यांनी ड्रोन येऊ घातले आहेत. 10 जुलै 2025 रोजी अमेरिकेच्या संरक्षणमंत्र्यांनी काढलेल्या आदेशाने लहान ड्रोनना दारूगोळ्यासारखी वापरून संपवायची वस्तू मानले आणि ती विकत घेण्याचा अधिकार कर्नल दर्जाच्या अधिकाऱ्यापर्यंत खाली आणला. खरेदीचा वेग वाढवायला हे बरोबरच आहे. मात्र गोळी उडवणाऱ्याला आकाशात इतर कोण आहे हे विचारावे लागत नाही. ड्रोन उडवणाऱ्याला ते विचारावेच लागते, कारण त्याची ही 'गोळी' अर्धा तास हवेत राहते आणि कधी कधी परतही येते.

तुमच्या कागदांवर काय आहे, हे मी वाचले आहे. तुम्ही ड्रोनचे तीन वर्ग केलेत: 150 किलोंपर्यंत पहिला, 150 ते 600 दुसरा, त्यावरचा तिसरा. स्थिर पंखांच्या मोठ्या ड्रोनच्या उड्डाणयोग्यतेसाठी स्टॅनॅग, म्हणजे नाटोचा मानकीकरण करार, 4671 आहे, ते 150 किलोंपासून 20,000 किलोंपर्यंत लागू होते. हलक्यांसाठी 4703 आहे. चालकांच्या प्रशिक्षणासाठी 4670 आहे. हवाई क्षेत्र नियंत्रणाचा स्वतंत्र सिद्धांतग्रंथ आहे. लघुरूपांची तर तुमच्याकडे कधीच टंचाई नव्हती. तिसऱ्या वर्गाच्या चालकाबद्दल माझी तक्रार नाही. तो जवळजवळ वैमानिकच असतो, हवामान वाचतो, रेडिओवर शिस्तीने बोलतो, रोजच्या हवाई आदेशात, म्हणजे कोण कधी कुठे उडणार याच्या यादीत, त्याचे नाव असते. पण पहिल्या वर्गात शंभर ग्रॅमही न भरणारे ब्लॅक हॉर्नेट हे चिमुकले ड्रोन आणि 140 किलोंचे यंत्र शेजारी शेजारी बसते. पोटवर्ग आहेत, मान्य. तरीही आकाशाबद्दल नेमके काय आणि किती शिकवायचे, हे खालच्या टोकाला शेवटी त्या त्या देशावर आणि प्रत्यक्षात त्या त्या बटालियनवर सोडलेले आहे. एका देशात काही आठवडे, दुसऱ्यात काही दिवस. आणि शिकवतात काय? बोटे कशी फिरवायची, बॅटरी कशी जपायची, लक्ष्य कसे शोधायचे. सगळे आवश्यकच. पण आपल्या डोक्यावरून कोण जाणार आहे, हा प्रश्न त्या अभ्यासक्रमात बहुधा शेवटच्या दुपारी, जेवणानंतर येत असावा.

आता उंचीकडे येतो. माझ्या जुन्या धंद्यातल्या कुणालाही विचारा, उंचीवर तो तासभर बोलेल. मी थोडक्यात आटोपतो.

समजा, नियंत्रकाने सांगितले, ड्रोन 300 मीटरच्या खाली, हेलिकॉप्टर त्याच्या वर. ऐकायला छान आहे. लहान ड्रोनच्या पडद्यावर दिसणारी उंची बहुतेक वेळा तो जिथून उडाला त्या जागेपासून मोजलेली असते. सैनिकाने तो टेकडीवरून उडवला, तर 250 मीटर दाखवणारे यंत्र शेजारच्या खोऱ्यापासून 400 मीटरवर असू शकते. हेलिकॉप्टरचा वैमानिक फुटांत विचार करतो आणि त्याच्या उंचीमापकात समुद्रसपाटीचा दाब भरलेला असतो. दाब एका हेक्टोपास्कलने बदलला की हे माप साधारण आठ मीटरने सरकते, आणि वादळी दिवशी दाब दहा हेक्टोपास्कल सहज उतरतो. जमिनीलगत आला की तोच वैमानिक रडार उंचीमापक पाहतो, ते खालच्या जमिनीपासूनचे अंतर दाखवते. तोफखाना आपल्या गोळ्याच्या वाटेचा सर्वोच्च बिंदू तिसऱ्याच पायावर मोजतो. म्हणजे एकाच आकाशात 'तीनशे' असे चार जण म्हणतात आणि चौघांच्या मनात चार वेगवेगळ्या जागा असतात. हे चौघे चार देशांचे असले तर बघायलाच नको.

नागरी वाहतुकीत हा गोंधळ आम्ही पूर्वीच मिटवला, कारण मिटवला नाही तर माणसे मरतात हे फार लवकर कळले होते. तुमच्या वरच्या थरातही तो मिटलेला आहे. खालच्या थरात मात्र पहिल्या वर्गाच्या चालकाला आपल्या पडद्यावरचा आकडा कशापासून मोजलेला आहे हे सांगता येते का, याची चाचणी व्हायला हवी. नापास झाला तर त्याने सामायिक आकाशात उडवू नये. ही अट महागडी नाही. एका वर्गखोलीत, एका नकाशावर ती शिकवता येते.

याहून अवघड आहे संपर्क तुटण्याचा प्रश्न. बाजारात मिळणाऱ्या अनेक ड्रोनचा दुवा तुटला की ते काय करतात? आधी ठरवून दिलेल्या उंचीपर्यंत वर चढतात आणि सरळ रेषेत घरी निघतात. झाडात अडकू नये म्हणून निर्मात्याने केलेली ही सोय आहे आणि शांततेच्या काळात ती शहाणपणाचीच आहे. रणांगणावर हाच ड्रोन आपणहून खालचा थर सोडून हेलिकॉप्टरच्या थरात शिरतो, तेही चालकाच्या हातात काहीच उरलेले नसताना. आणि दुवा तुटतो कशाने? शत्रूच्या जॅमरने, म्हणजे रेडिओ लहरी दडपणाऱ्या यंत्राने तुटतो, तसाच आपल्याच जॅमरनेही तुटतो. युक्रेनच्या आघाडीवर आपल्याच इलेक्ट्रॉनिक युद्धपथकाने आपलेच ड्रोन आंधळे करणे ही नित्याची डोकेदुखी आहे. त्यातून पळवाट म्हणून दोन्ही बाजूंनी रेडिओऐवजी काचतंतूची (ऑप्टिकल फायबरची) तार सोडत जाणारे ड्रोन आणले.

तुमच्या रचनेत मात्र जॅमिंग एका शाखेकडे आहे, हवाई क्षेत्र दुसऱ्या शाखेकडे आणि छोटा ड्रोन तिसरीकडे. जॅमरचे बटण दाबणाऱ्याला त्या क्षणी कुणाचे किती ड्रोन वर चढायला लागतील याची कल्पना नसते, हेलिकॉप्टरच्या वैमानिकाला तर त्याहून नसते. माझे म्हणणे असे की जॅमर चालू करणे ही हवाई क्षेत्रातली घटना माना. तोफ डागण्याआधी जशी वर्दी जाते तशी जॅमरचीही जावी. आणि प्रत्येक ड्रोन उडण्याआधी दुवा तुटल्यावर तो काय करील हे एका ओळीत नोंदवलेले असावे: वर चढेल, जागीच उतरेल, घिरट्या घालेल की पडेल. ती ओळ सगळ्या 32 देशांत सारखी असावी, म्हणजे डच चालकाची नोंद पोलिश नियंत्रकाला भाषांतराशिवाय वाचता येईल.

यावर तुमच्यातले अनुभवी अधिकारी काय म्हणतील ते मला माहीत आहे. आम्ही ड्रोनना वेगळे क्षेत्र आखून देतो, त्या चौकोनात दुसरे कुणी शिरत नाही. बरोबर, निर्बंधित क्षेत्र आखणे हे जुने आणि उपयोगी हत्यार आहे. पण त्याची किंमत पाहा. हवाई आदेशाचे चक्र साधारण 72 तासांचे. ड्रोनवाल्या सार्जंटला आकाश हवे असते सात मिनिटांनी. मग तो एक तर विचारायचेच सोडून देतो, नाही तर त्याच्यासाठी इतका मोठा चौकोन आधीच राखून ठेवला जातो की हेलिकॉप्टरांना जागा उरत नाही. युरोपात शांततेच्या काळातला सरावही याच चौकोनांत होतो. नागरी विमानांची गर्दी पाहता तिथे दुसरा मार्गही नाही. परिणाम असा की सैनिक रिकाम्या आकाशात उडवायला शिकतो आणि भरलेल्या आकाशात लढायला जातो.

भरलेल्या आकाशाची चुणूक तुम्हाला अफगाणिस्तानात मिळाली होती. 30 ऑगस्ट 2004 रोजी काबूलवर जर्मन सैन्याचे लूना हे छोटे ड्रोन अरियाना कंपनीच्या प्रवासी एअरबसच्या अगदी जवळून गेले, विमानामागच्या हवेच्या भोवऱ्यात सापडले आणि कोसळले. प्रवासी वाचले. 15 ऑगस्ट 2011 रोजी अमेरिकेचे शॅडो ड्रोन अमेरिकेच्याच सी-130 मालवाहू विमानाच्या पंखावर आदळले. विमान कसेबसे शराना तळावर उतरले. दोन्ही वेळा आकाशात ड्रोन मोजकेच होते.

युक्रेनचा दाखला मला दिला जाईल. तिथले चालक थोड्या आठवड्यांत तयार होतात, स्टॅनॅगचे नावही न ऐकता तुमच्या कुठल्याही सैन्याहून चांगले लढतात. हे खरे आहे. फेब्रुवारी 2025 मध्ये तुम्ही पोलंडमधल्या बिडगोश्च इथे युक्रेनबरोबर संयुक्त विश्लेषण व प्रशिक्षण केंद्र उघडलेत, ते चांगलेच केलेत. पण तिथून धडा उचलताना एक गोष्ट निसटू नये. आघाडीलगतच्या खालच्या थरात आता माणूस बसलेली विमाने फारशी फिरकत नाहीत. तो थर जवळजवळ पूर्ण ड्रोनचाच झाला आहे, म्हणून तिथे गप्पांच्या गटावर आणि रेडिओवर काम भागते. तुमच्या योजनांत मात्र त्याच थरात हल्ला करणारी हेलिकॉप्टरे आहेत, जखमींना नेणारी हेलिकॉप्टरे आहेत, पायदळाला जवळून आधार देणारी विमाने आहेत. युक्रेनची चपळाई हवी आणि आपली हेलिकॉप्टरेही हवीत, तर मधला सांधा तुम्हालाच घडवावा लागेल. तो युक्रेनकडून तयार मिळणार नाही. युक्रेनचा दाखला देणाऱ्यांना जी भीती वाटते ती मात्र मलाही वाटते: हे पत्र वाचून कुणी दोनशे पानांची नियमावली काढली तर सार्जंट ड्रोन पेटीत ठेवून देईल. मला हवी आहे ती दोन पाने.

ओळखीच्या यंत्रणेबद्दलही बोलून टाकतो. प्रत्येक ड्रोनवर ट्रान्सपाँडर, म्हणजे विचारल्यावर रेडिओवरून आपली ओळख सांगणारे यंत्र, बसवा, असे सुचवणारे पुष्कळ भेटतात. मोड 5 ही मित्रसैन्यांची सांकेतिक ओळखयंत्रणा दोन किलोच्या यंत्रावर चढवायची म्हणजे वजन, वीज आणि किंमत, आणि वर ते यंत्र शत्रूच्या शेतात पडले की गुपित त्याच्या हातात. शिवाय यंत्रणा असूनही चूक होतेच. 22 डिसेंबर 2024 रोजी 'गेटिसबर्ग' या अमेरिकी युद्धनौकेने आपल्याच ताफ्यातल्या विमानवाहू नौकेचे एफ/ए-18 लढाऊ विमान पाडले, दोघे वैमानिक उडी मारून वाचले. मार्च 2003 मध्ये इराक युद्धात अमेरिकेच्या पेट्रियट क्षेपणास्त्र पथकाने परतणारे ब्रिटिश टोर्नाडो विमान पाडले, त्यातले दोघेही गेले. ब्रिटिश चौकशीत विमानाच्या ओळखयंत्रणेतला बिघाड निघाला, तसाच पेट्रियटच्या जवानांचा सरावही निघाला: झटपट प्रतिसाद द्या, लवकर डागा, यंत्रावर विश्वास ठेवा, असे ते घडवले गेले होते. थोड्याच दिवसांत पेट्रियटनेच अमेरिकेचे एक हॉर्नेट लढाऊ विमान पाडले.

म्हणून ड्रोन चालकाच्या प्रशिक्षणाइतकाच मला ड्रोन पाडणाऱ्याच्या प्रशिक्षणाचा घोर आहे. सध्या सगळीकडे ड्रोनविरोधी पथके उभी राहत आहेत, जाळी, बंदुका, जॅमर, अडवणारे ड्रोन. त्यांच्या सरावात येणारे जवळजवळ प्रत्येक लक्ष्य शत्रूचेच असते. दहातले चार आपले निघावेत, आणि आपल्याच ड्रोनवर गोळी झाडली तर नापास, असा सराव किती ठिकाणी होतो? नेदरलँड्समधल्या फ्रेडेपेल इथे तुम्ही ड्रोनविरोधी यंत्रणा एकमेकींशी जोडून पाहण्याचा सराव भरवता. यंत्रे एकमेकांशी बोलतात का हे तिथे तपासले जाते. माणसांचे तसे तपासा.

9 आणि 10 सप्टेंबर 2025 च्या दरम्यानच्या रात्री रशियन ड्रोन पोलंडमध्ये शिरले. पोलंडच्या पंतप्रधानांनी 19 घुसखोऱ्यांची नोंद सांगितली. पोलिश एफ-16, डच एफ-35, इटालियन टेहळणी विमान, जर्मन पेट्रियट, सगळे एकत्र कामाला लागले. वरच्या थरातली तुमची शिस्त किती मुरलेली आहे हे त्या रात्री दिसले, आणि मी ते मोकळ्या मनाने मान्य करतो. पण त्याच रात्री सीमेलगत चार देशांच्या पायदळाचे टेहळणी ड्रोनही हवेत असते तर? घुसखोरांतले बरेचसे फोम आणि प्लायवूडचे हलके फसवे ड्रोन होते. आपले कोणते आणि त्यांचे कोणते, हे सांगणारा माणूस कोणत्या टेबलाशी बसलेला असता? माझी पहिली मागणी त्या टेबलाची आहे. मोहीम नाटोची असो, युरोपीय संघाची असो की एकट्या देशाची, एका प्रदेशात 'हे कुणाचे' या प्रश्नाला उत्तर देणारे ठिकाण एकच असावे आणि तिथे सगळ्यांनी आपली उड्डाणे कळवावीत. 'हेसेन'ला विचारायला जागा बऱ्याच होत्या, उत्तर देणारी एकही नव्हती.

दुसरी मागणी परीक्षेबद्दल. स्टॅनॅगची पद्धत अशी की देश मान्यता देतात, हवे तिथे राखीव हरकती नोंदवतात आणि आपापल्या गतीने अंमल करतात. सार्वभौम देशांच्या संघटनेत याला इलाज नाही, हे मी समजतो. पण पहिल्या वर्गाच्या चालकाची आकाशाबद्दलची चाचणी दुसऱ्या देशाच्या नियंत्रकाने घ्यावी, एवढे करायला कुणाच्या सार्वभौमत्वाला धक्का लागत नाही. इटालियन चालक, नॉर्वेजियन परीक्षक. चाचणीत त्याच चौकोनात एक खरे हेलिकॉप्टर, एक खरी उखळी तोफ आणि मध्येच चालू होणारा जॅमर. चालकाने आपल्या उंचीचा पाया सांगावा, दुवा तुटल्यावरचे वर्तन सांगावे, 'खाली उतर' म्हटल्यावर उतरून दाखवावे. पास झालेल्याचे कार्ड सगळ्यांनी मानावे. आणि कोणत्या देशाची कोणत्या कलमावर हरकत आहे, याचा एक तक्ता संयुक्त मोहिमेच्या हवाई नियंत्रकासमोर टांगलेला असावा. कुणाकडून काय अपेक्षा करायची नाही, हे कळणेही त्याला पुरते.

सिद्धांतग्रंथाच्या पुढच्या आवृत्तीचे काम तुमच्या कार्यगटांकडे कधी ना कधी येईलच. त्या बैठकीत हवाई दलाचे कर्नल असतील, ते असावेतच. त्यांच्या शेजारी एक उखळी तोफवाला, एक जॅमरवाला आणि पहिल्या वर्गाचा ड्रोन प्रत्यक्ष उडवणारा एक सार्जंट बसवा, आणि उंचीचा मुद्दा निघेल तेव्हा आधी त्या सार्जंटला बोलू द्या.

आपला,
एक निवृत्त हवाई वाहतूक नियंत्रक